दूरचित्रवाणीवरील निवेदिका स्पॅनिश डबिंगमध्ये जाऊ शकते का? जाणकारांचे मत हवे आहे

प्रश्न : लातूरची निवेदिका

नमस्कार. मी लातूरमधील एका स्थानिक केबल वाहिनीवर निवेदिका आहे. संध्याकाळचे बातमीपत्र, बाजार समितीतील सोयाबीन आणि तुरीचे भाव, महाशिवरात्रीला सिद्धेश्वराच्या यात्रेचे थेट प्रक्षेपण आणि मतमोजणीच्या दिवशी केंद्राबाहेर उभे राहून तासन्‌तास बोलत राहणे, असे माझ्या कामाचे साधारण स्वरूप आहे. कॅमेऱ्याची भीती केव्हाच गेली. समोरचा पाहुणा अडखळला तर त्याला सावरून घेणे, वीज गेली तरी जनरेटर सुरू होईपर्यंत वाक्य न तोडणे, या गोष्टी आता अंगवळणी पडल्या आहेत.

हैदराबादला शिकत असताना मी स्पॅनिश भाषा घेतली होती आणि पुढे नेटाने अभ्यास करून ‘देले’ या स्पॅनिश भाषेच्या परीक्षेची बी २ पातळी उत्तीर्ण झाले. लातूरमध्ये या भाषेत चार वाक्ये बोलायलाही कोणी नाही, त्यामुळे मी स्पॅनिश मालिका आणि स्पॅनिशमध्ये डब केलेले परदेशी चित्रपट पाहत असते. हळूहळू असे लक्षात आले की पडद्यावरील चेहऱ्यांपेक्षा त्यांना मिळालेल्या आवाजांचेच मला जास्त कुतूहल वाटते. एखादा आवाज दुसऱ्याच चित्रपटात, दुसऱ्याच चेहऱ्यामागून ओळखू आला, की त्या दिवशी मी घरात सगळ्यांना ते सांगत सुटते.

अलीकडे लॅटिन अमेरिकेतील एका कलावतीविषयी वाचनात आले. तिची सुरुवात दूरचित्रवाणीवरील सूत्रसंचालनाने झाली होती आणि पुढे ती पडद्यावरून बाजूला होऊन स्पॅनिश डबिंगमध्ये कायमची स्थिरावली. तेव्हापासून विचार मनातून जात नाही. त्या देशांमध्ये असा प्रवास कशामुळे शक्य झाला, निवेदनाचा अनुभव डबिंगमध्ये खरोखर कामी येतो की उलट आडवाच येतो, आणि मातृभाषा मराठी असलेल्या, मराठवाड्यात राहणाऱ्या माझ्यासारखीला त्या वाटेने कुठवर जाता येईल, हे मला समजून घ्यायचे आहे. आणखी एक शंका आमच्याकडच्या हेलाची आहे. वाहिनीत आल्या आल्या संपादकांनी माझे ‘करायलाव’ आणि ‘येऊलाव’ बंद करून घेतले, तरी वाक्याच्या शेवटी स्वर लांबवण्याची सवय पूर्ण गेलेली नाही, आणि तीच सवय माझ्या स्पॅनिशमध्येही उतरते की काय अशी भीती वाटते. कृपया माझा हिरमोड होईल याची काळजी न करता स्पष्ट लिहावे.

उत्तर : गोदाकाठचा भाषांतरकार

ताई, मी मूळचा नांदेडचा आहे. काही वर्षे मेक्सिको शहरात भाषांतराचे काम करत होतो आणि त्या निमित्ताने डबिंगच्या संहिताही हाताखालून गेल्या. आपल्या प्रश्नातील इतिहासाचा भाग मी घेतो. प्रत्यक्ष आवाजाच्या कामाविषयी इथल्या जाणत्या मंडळींनी लिहावे.

स्पॅनिश डबिंगची दोन मोठी घराणी आहेत, स्पेनचे आणि मेक्सिकोचे, आणि दोन्हींवर सरकारी नियमांची छाप आहे. स्पेनमध्ये २३ एप्रिल १९४१ च्या आदेशाने परदेशी चित्रपट स्पॅनिशमध्ये डब केल्याशिवाय दाखवण्यास मनाई झाली. हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीला देशात एकच भाषा ऐकू यायला हवी होती, शिवाय डबिंग करताना नको ते संवाद गुपचूप बदलण्याची सोयही त्यात होती. काही वर्षांनी ती सक्ती उठली, पण प्रेक्षकांना लागलेली सवय उठली नाही, आणि माद्रिद व बार्सिलोना या दोन शहरांत डबिंग हा मानाचा व्यवसाय होऊन बसला. मेक्सिकोत याच्या नेमके उलटे झाले. हॉलिवूडचे नट आपल्या भाषेत बोलू लागले तर आपल्या चित्रपटांना कोण येईल, ही तिथल्या निर्मात्यांची धास्ती होती, आणि म्हणून चित्रपटगृहांतील डबिंगवर बंधने आली. अगदी १९९२ च्या चित्रपट कायद्याच्या आठव्या कलमातही, मुलांचे चित्रपट आणि शैक्षणिक माहितीपट सोडून बाकीचे चित्रपट मूळ भाषेत, लागतील तिथे उपशीर्षके देऊन दाखवावेत, असे लिहिलेले होते. मग मेक्सिकोतील डबिंगची सगळी ताकद दूरचित्रवाणीवरील मालिकांकडे आणि मुलांच्या चित्रपटांकडे वळली.

आपल्या प्रश्नाचे अर्धे उत्तर इथेच आहे. मेक्सिकोत १९५० मध्ये दूरचित्रवाणी सुरू झाली, आणि त्यानंतर दूरचित्रवाणी व डबिंग ही दोन्ही क्षेत्रे एकाच शहरात, पुष्कळ अंशी एकाच वर्तुळातील माणसांच्या बळावर वाढली. १९३० साली सुरू झालेल्या एक्सईडब्ल्यू या रेडिओ केंद्राने श्रुतिकांमध्ये मुरलेल्या नटनट्यांची एक पिढीच तयार करून ठेवली होती. सकाळी रेडिओ, दुपारी दूरचित्रवाणी आणि रात्री एखाद्या अमेरिकी मालिकेला आवाज, असा दिनक्रम अशा माणसाला अशक्य नव्हता. म्हणजे निवेदिकेची डबिंग कलाकार झाली असे आपण वाचतो, तेव्हा या दोन टोकांच्या मध्ये बहुतेक वेळा रेडिओ नाटक किंवा रंगभूमी असते. चरित्राच्या दोन ओळींत ती जागा गाळली जाते, आणि खरे शिक्षण तर तिथेच झालेले असते.

ब्लांका एस्तेला पावोन हिचे उदाहरण पाहा. १९४४ च्या सुमारास मेट्रो-गोल्डविन-मेयर या कंपनीने आपले चित्रपट स्पॅनिशमध्ये डब करण्यासाठी मेक्सिकोतील रेडिओ कलाकारांना न्यूयॉर्कला नेले. त्यांत ही विशीच्या आतली मुलगी होती आणि तिने हॉलिवूडची नायिका इन्ग्रिड बर्गमन हिला आवाज दिला. परत आल्यावर ती पेद्रो इन्फान्ते या लोकप्रिय मेक्सिकन गायक-नटाची नायिका म्हणून पडद्यावर गाजली आणि १९४९ मध्ये विमान अपघातात गेली, तेव्हा ती जेमतेम २३ वर्षांची होती. तिचा प्रवास आपल्या प्रश्नाच्या उलट दिशेचा आहे, आधी आवाज आणि मग चेहरा. दुसरे उदाहरण हेर्मान वाल्देस, म्हणजे ‘तिन तान’ याचे. देशाच्या उत्तर टोकाला, अमेरिकेच्या सीमेवरच्या सिउदाद हुआरेस या गावातील रेडिओ केंद्रावर त्याने निवेदक म्हणून सुरुवात केली आणि नकला करता करता तो मोठा विनोदी नट झाला. डिस्नेच्या १९६७ च्या ‘जंगल बुक’मध्ये स्पॅनिश बोलणारा भालू अस्वल हा त्याचाच आवाज आहे. राजधानीपासून लांबच्या गावाचे बोलणे त्याने कधी लपवले नाही, उलट त्याच्यावरच पोट भरले. मराठवाड्यातल्या माणसाने एवढे तरी ध्यानात ठेवावे.

स्पेनमध्ये निवेदन आणि डबिंग ही दोन्ही कामे आयुष्यभर बरोबरीने केलेला सर्वांत प्रसिद्ध माणूस म्हणजे कॉन्स्तान्तिनो रोमेरो. बार्सिलोनाच्या रेडिओवरून आलेला हा माणूस दूरचित्रवाणीवर प्रश्नमंजूषेचा कार्यक्रम चालवत असे आणि त्याच काळात क्लिंट ईस्टवुडचा स्पॅनिश आवाजही तोच होता. तो २०१३ मध्ये वारला. तो रंगभूमीवर कामे करत असे, हे मात्र त्याच्याविषयी बोलताना फारसे कोणी सांगत नाही.

आता एक खबरदारीची गोष्ट. दूरचित्रवाणीवरचे लोकप्रिय चेहरे थेट डबिंगमध्ये दिसतात ते बहुतेक वेळा ॲनिमेशनपटांत, आणि ती निवड तिकीट खिडकीकडे पाहून केलेली असते. मेक्सिकोत विक्तोर त्रुहियो हा विदूषकाच्या वेशात बातम्या सांगणारा सूत्रसंचालक अशा चित्रपटांत गाजला. तो कसलेला आवाज-कलाकारही आहे, म्हणून ते शोभून गेले. सगळ्यांचेच शोभत नाही, आणि तिथले प्रेक्षक त्यावर सडकून टीका करतात. हा दरवाजा प्रसिद्ध लोकांसाठी आहे. आपल्याला जो हवा आहे तो दुसरा, रोजच्या कामाचा, आणि त्या दरवाजावर मेक्सिकोतले जुने दिग्दर्शक आजही एकच विचारतात, की अभिनय कुठे शिकलात.

उत्तर : परभणीचे जुने श्रुतिका कलाकार

लेकी, वरील सद्गृहस्थांनी इतिहास उत्तम मांडला आहे. मी परभणी आकाशवाणीच्या श्रुतिकांमध्ये पुष्कळ वर्षे भाग घेतला, तेवढ्या अधिकाराने आवाजाच्या कामाविषयी लिहितो. स्पॅनिशचे मला काही कळत नाही, पण श्वास कोणत्याही भाषेत सारखाच.

निवेदन करताना वाक्य तुझ्या ताब्यात असते. कुठे थांबायचे, कुठे श्वास घ्यायचा, कोणत्या शब्दावर भर द्यायचा हे तू ठरवतेस, आणि ऐकणारा तुझा चेहरा पाहत असल्यामुळे आवाजात जे राहून गेले ते चेहऱ्याने भरून निघते. डबिंगमध्ये या दोन्ही सवलती काढून घेतल्या जातात. पडद्यावरची बाई जिना चढताना धापा टाकत असेल तर तिची धाप जिथे तुटते तिथेच तुझा शब्द तुटला पाहिजे, आणि चेहरा तिचा असल्यामुळे तुझ्या चेहऱ्याचा कोणालाही उपयोग नाही. तरीसुद्धा चेहरा हलवावाच लागतो, कारण हसू ओठांवर आल्याशिवाय आवाजात येत नाही. आमच्याकडे एक वयस्क कलावती होत्या. सासूचा तोरा दाखवायचा असला की त्या माइकसमोर पदर खोचून, कमरेवर हात ठेवून उभ्या राहत. रेडिओवर पदर कोणाला दिसणार होता? पण तो खोचलेला नसला की संवाद पडत असे.

निवेदनाचा सर्वांत मोठा अडथळा म्हणजे त्याची चाल. बातम्या वाचणाऱ्याचे प्रत्येक वाक्य एकाच उंचीवर सुरू होते आणि एकाच पायरीवर येऊन टेकते. सवय झालेल्या माणसाला ते ऐकूही येत नाही. ‘मुख्यमंत्र्यांनी पाहणी केली’ आणि ‘आई, मला भूक लागली’ ही दोन्ही वाक्ये त्याच्या तोंडून एकाच चालीत पडतात. तुझी एक जुनी ध्वनिफीत काढ, शब्दांकडे लक्ष न देता फक्त सूर ऐक, आणि किती वाक्ये एकाच ठिकाणी उतरतात ते पाहा.

तरी निवेदनातून काहीच मिळत नाही असे मी म्हणणार नाही. स्मिता पाटील आणि भक्ती बर्वे या दोघींनीही मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचल्या होत्या, आणि त्यांच्या अभिनयात बातम्यांची चाल कधी दिसली नाही, दिसली ती शब्दांची स्वच्छता. मजकूर पहिल्या नजरेत वाचता येणे, डोळे ओळीच्या पुढे धावत असताना तोंड मागच्या शब्दावर ठेवता येणे, हे कौशल्य तुझ्याकडे आहे, आणि ज्याच्याकडे ते नसते त्याला त्यासाठी वर्षे घालवावी लागतात. आम्ही संहितेची टाचणी काढून पाने सुटी ठेवत असू आणि वाचून झालेले पान उलटण्याऐवजी अलगद खाली सरकवत असू, म्हणजे कागदाची कुरकूर माइकमध्ये जात नसे. आता तुम्हा लोकांपुढे पडदा असतो, पण हात स्थिर, पाय स्थिर आणि बांगड्या काढून ठेवलेल्या, ही शिस्त तीच.

हेलाबद्दल माझे मत तुझ्या संपादकांना आवडणार नाही. हेल घालवू नकोस, बाजूला ठेवायला शीक. शेतकऱ्याच्या बायकोचे, भाजीवालीचे किंवा रागावलेल्या आजीचे काम आले, तर प्रमाण मराठीच ठाऊक असलेली मुलगी तिथे नक्कल करील आणि तू बोलशील. श्रुतिकेत गावाकडची पात्रे उभी करायला आम्हाला कधी कोणाला शिकवावे लागले नाही.

पुन्हा : लातूरची निवेदिका

दोघांचेही मनापासून आभार. काका, आपण सांगितल्याप्रमाणे जुने बातमीपत्र डोळे मिटून ऐकले. भाव सांगतानाचा सूर आणि श्रद्धांजलीचा सूर एकच आहे. संपादकांनाही ऐकवले, तर त्यांचे म्हणणे पडले की बातमीदाराने तटस्थच राहायचे असते, आणि तेही बरोबरच आहे.

एक व्यावहारिक प्रश्न राहिला. स्पॅनिश डबिंगचे ऑनलाइन प्रशिक्षण देऊन परदेशी कंपन्यांत काम मिळवून देतो, असे सांगणाऱ्या एका संस्थेचा फोन आला होता. शुल्क माझ्या कित्येक महिन्यांच्या पगाराएवढे आहे. घरून ध्वनिमुद्रण करून पाठवायचे म्हणतात. यात तथ्य असते का?

उत्तर : अंबाजोगाईची, सध्या मुंबईत

मी मुंबईत डबिंगच्या संहिता लिहिते आणि ध्वनिमुद्रणाच्या वेळी दिग्दर्शकाला साहाय्य करते. शुल्क घेऊन काम मिळवून देण्याचे आश्वासन कोणीही देत असेल, तर त्याला सरळ नमस्कार करावा. चांगला प्रशिक्षक शिकवण्याचे पैसे घेतो, कामाची हमी देत नाही, कारण काम देणारा तो नसतो. चाचणी कोणत्या दिग्दर्शकासमोर होणार, असे त्यांना विचारा. बहुधा पुन्हा फोन येणार नाही.

आता मुख्य गोष्ट. डबिंग जगात जवळपास सर्वत्र मातृभाषेत केले जाते. मेक्सिको किंवा स्पेनमध्ये नायिकेच्या स्पॅनिश आवाजासाठी भारतातील मराठी भाषक मुलीला निवडण्याचे कारण कोणाकडेच नाही. आपली बी २ पातळी संभाषणासाठी चांगली आहे, पण तिथला आठ वर्षांचा मुलगाही एका वाक्यात परका सूर ओळखतो. उच्चारांच्या बाबतीत मराठी माणूस खरे तर सुदैवी आहे. स्पॅनिशमधील त, प आणि क हे आपल्यासारखेच महाप्राणाशिवाय उच्चारले जातात, पाचही स्वर आपल्याला सहज जमतात, आणि इंग्रजी भाषकांची जिथे जीभ वळत नाही तिथे आपली वळते. अडचण येते ती आघाताची. स्पॅनिशमध्ये शब्दातील कोणत्या अक्षरावर जोर पडतो त्यावर अर्थ बदलू शकतो, मराठीत तसे नाही, त्यामुळे आपण सगळी अक्षरे सारख्या वजनाने टाकत जातो. शिवाय दोन स्वरांमध्ये आलेला त्यांचा द फार मऊ असतो आणि आपण तो ठणठणीत उच्चारतो. म्हणून हेलाबाबत काकांशी मी अर्धीच सहमत आहे. मराठी डबिंगमध्ये मराठवाडी हेल हे भांडवल आहे, स्पॅनिशमध्ये मात्र वाक्याचा शेवट लांबवण्याची सवय अडचणच ठरेल.

मग तुमच्या स्पॅनिशचे काय करायचे? माझ्या मते तिचा उपयोग उलट्या बाजूने आहे, स्पॅनिशमधून मराठीत येताना. आपल्याकडे परदेशी मालिकेचे मराठी बहुतेक वेळा इंग्रजी संहितेवरून होते. मूळ स्पॅनिश ऐकून समजणारे आणि वर मराठी संवाद लिहू शकणारे माणूस मला तरी सहजासहजी सापडत नाही. हे संवादलेखन म्हणजे सरळ भाषांतर नव्हे. पात्राचा चेहरा जवळून दिसत असेल तेव्हा त्याचे ओठ जिथे मिटतात तिथे प, फ, ब, भ, म यांपैकी एखादे अक्षर आणावे लागते, तोंड उघडे राहून वाक्य संपत असेल तर ‘आहे’ चालते आणि ‘नाहीस’ चालत नाही, आणि स्पॅनिश माणूस झपाट्याने बोलत असल्यामुळे तेवढ्याच वेळात मराठी क्रियापदाला शेवटी जागा शिल्लक ठेवावी लागते. एक ओळ बसवण्यात कधी अर्धा तास जातो आणि मग कलाकार ती चार सेकंदांत म्हणून मोकळा होतो.

स्पेनमधील पद्धत तुम्हाला आवडेल. तिथे संहिता ‘टेक’ नावाच्या लहान तुकड्यांत विभागलेली असते. एका टेकमध्ये जास्तीत जास्त दहा ओळी आणि एका पात्राला सलग पाच ओळी, असा संकेत आहे, आणि मोबदलाही हजेरी व टेक यांच्या हिशेबाने ठरतो. ओळींमध्ये खुणा असतात: तिरपी रेघ म्हणजे छोटा विराम, दोन रेघा म्हणजे मोठा, आणि पात्र पाठमोरे आहे की चौकटीबाहेर आहे हेही अक्षरांनी दाखवलेले असते. पाठमोऱ्या पात्राच्या वेळी संवादलेखकाला जरा मोकळेपणा मिळतो, म्हणून आम्ही मंडळी पाठमोऱ्या नटांवर मनापासून प्रेम करतो.

ज्यांना आवाजच द्यायचा आहे त्यांनी सुरुवात गर्दीपासून करावी. बाजारातला कोलाहल, रुग्णालयातील परिचारिकेचे एखादे वाक्य, फोनवरचा अनोळखी आवाज, अशी कामे नव्यांना मिळतात, आणि त्यासाठी स्टुडिओच्या गावात असावे लागते. घरून ध्वनिमुद्रण अलीकडे होते, पण ते आधीच ओळख झालेल्या कलाकारांकडून. लातूरच्या घरात पंखा बंद करून, कपाटातल्या गोधड्यांमध्ये माइक ठेवून सराव जरूर होईल. काम मिळण्याची जागा ती नाही.

करारपत्राबद्दलही एक सांगते. मेक्सिकोत ‘सिम्पसन्स’ या अमेरिकी ॲनिमेशन मालिकेच्या पंधरा हंगामांनंतर, २००५ मध्ये, कलाकार संघटनेच्या सभासदांनाच काम द्यावे या अटीवरून वाद झाला आणि प्रमुख आवाज बाहेर पडले. त्यांत पेरूमध्ये जन्मलेल्या नॅन्सी मॅकेन्झी होत्या, ज्यांच्या आवाजात लॅटिन अमेरिकेने त्या मालिकेतील मार्ज हे आईचे पात्र वर्षानुवर्षे ऐकले होते. चेहरा दिसत नाही म्हणून माणूस बदलला तरी कळणार नाही, हा हिशेब तेव्हा चुकला आणि प्रेक्षक नाराज झाले. २०२५ मध्ये तर मेक्सिको शहरात आवाज-कलाकार कृत्रिम बुद्धिमत्तेने आवाजाची नक्कल करण्याच्या विरोधात रस्त्यावर उतरले होते. आपल्याकडे चाचणीसाठी दिलेल्या ध्वनिमुद्रणाचा पुढे काय वापर होणार, हे कागदावर लिहून घेण्याची पद्धत अजून रुजलेली नाही. तुम्ही ते आवर्जून विचारा, आणि त्या फोनवाल्या संस्थेला आवाजाचा नमुना तर मुळीच पाठवू नका.

उत्तर : गोदाकाठचा भाषांतरकार

अंबाजोगाईच्या ताईंशी मी सहमत आहे, फक्त एक पुरवणी जोडतो. स्पॅनिश ऐकण्याचा सराव करताना कोणत्या देशाचे डबिंग निवडायचे, हे आधी ठरवून घ्यावे. स्पेनमध्ये ज्या अक्षरांचा उच्चार दातांमध्ये जीभ आणून होतो, त्यांचा मेक्सिकोत साधा स होतो. अनेकवचनी ‘तुम्ही’साठी स्पेनमध्ये मित्रमंडळींत एक सर्वनाम आणि परक्यांशी दुसरे वापरतात, तर लॅटिन अमेरिकेत एकानेच भागते. मेक्सिकोतील स्टुडिओंनी अनेक देशांत चालावे म्हणून कोणत्याही एका गावाचा रंग नसलेली स्पॅनिश घडवली, आणि बराच काळ स्पेनमधील मुलेही डिस्नेचे चित्रपट त्याच बोलीत पाहत असत. १९९१ च्या ‘ब्यूटी अँड द बीस्ट’पासून स्पेनसाठी वेगळे डबिंग होऊ लागले. त्यामुळे त्या चित्रपटाच्या दोन्ही आवृत्त्या मिळवून, एकच प्रसंग दोन्हीकडे ऐकून पाहावा. संवाद कुठे लांबवला, कुठे कापला आणि श्वास कुठे घेतला, हे शेजारी शेजारी ठेवून पाहिल्यावर जे कळते ते कोणत्याही महागड्या वर्गात कळणार नाही.

नंतर तोच प्रसंग आवाज बंद करून मराठीत लिहावा आणि जमल्यास तो कागद अंबाजोगाईच्या ताईंना दाखवावा. पहिल्या वेळी एवढे पुरे, की नायिकेचे ओठ मिटतात तिथे आपले अक्षरही मिटणारे आहे.

उत्तर : अंबाजोगाईची, सध्या मुंबईत

जरूर दाखवा, मी वाचीन. फक्त गाण्याचा प्रसंग निवडू नका, साध्या बोलण्याचा घ्या, दोन पात्रांचा, मिनिटभराचा. मराठी ओळींच्या समोर मूळ स्पॅनिश ओळ आणि वेळ लिहा. आणि त्यातले एक पात्र काकांनी सांगितल्याप्रमाणे तुमच्या लातूरच्या बोलीत लिहून पाहा, ‘करायलाव’सकट.